डेक कुणाचा, डावाचा की पात्राचा? रोलप्ले आणि डेक-बिल्डिंग एकत्र असलेला गेम निवडताना

डेक-बिल्डिंग म्हणजे खेळायच्या पानांचा (पत्त्यांचा) आपला संच, म्हणजे डेक, स्वतः बांधणं. पण डब्यावर 'डेक-बिल्डिंग ॲडव्हेंचर' असं छापलेले बोर्डगेम आता इतके झालेत की त्या ओळीवरून आत काय आहे याचा पत्ता लागत नाही. एकात दोन तास पानं विकत घ्यायची आणि डाव संपला की सगळी परत डब्यात. दुसऱ्यात डेक घरून बांधून आणायचा. तिसऱ्यात डेकमधली पानं संपली की तुमचं पात्रच मरतं. रोलप्लेचंही, म्हणजे एखादं पात्र होऊन खेळण्याचंही, तसंच. कुठे गोष्ट चालवणारा माणूस, म्हणजे गेममास्टर, समोर बसून विचारतो, 'आता काय करतोस?' कुठे पुस्तकातला परिच्छेद मोठ्याने वाचून दोन पर्यायांतला एक निवडला की झालं.

म्हणून पैसे मोजण्याआधी दोन गोष्टी शोधून काढायच्या: डेक नेमका कधी बदलतो, आणि गोष्ट पुढे कोण नेतं. चित्रं, मिनिएचर (पात्रांच्या छोट्या मूर्ती), परीक्षणांतले तारे हे सगळं त्यानंतर.

डावातच बांधला जाणारा डेक

हा प्रकार रुळवला तो २००८ साली आलेल्या 'डॉमिनियन'ने. डोनाल्ड एक्स. व्हॅक्कारिनो यांच्या या गेममध्ये प्रत्येकाला सुरुवातीला सारखीच १० पानं मिळतात: ७ तांब्याची नाणी आणि ३ इस्टेटी. नाण्यांनी खरेदी होते. इस्टेटीला शेवटी गुण मिळतात, पण डाव चालू असताना ती हातात नुसती जागा अडवते. पानं पिसून ५ उचलायची, नाणी मोजून मधल्या ढिगांतून एखादं पान घ्यायचं, आणि हातातली व घेतलेली सगळी पानं आपल्या टाकलेल्या ढिगात ठेवायची. उचलायला पानं उरली नाहीत की तोच ढीग पिसून नवा डेक.

यात मेख अशी की आत्ता घेतलेलं पान लगेच हाताला लागत नाही, पुढच्या पिसणीनंतरच येतं. शिवाय डेक जितका जाड, तितकं चांगलं पान उशिरा. १० पानांत एक भारी पान असेल तर ते सरासरी दर दुसऱ्या पाळीला दिसतं, २० पानांत चौथ्या पाळीला. त्यामुळे मुरलेला खेळाडू नवी पानं घेण्याइतकाच जुनी पानं डेकमधून कायमची हाकलण्यावर खर्च करतो. नवखा नेमकं उलटं करतो. परवडेल ते पान उचलतो आणि मग 'मला चांगलं काही येतच नाही' म्हणत नशिबाला बोल लावतो. पुढे सांगितलेल्या काही गेमनाही हा नियम लागू आहे, डेक कधीही बांधला तरी.

'डॉमिनियन'मध्ये पात्र नाही आणि गोष्टही नाही. ती भर नंतरच्या गेमनी घातली. 'क्लँक' या २०१६ च्या गेममध्ये तुमच्या डेकमधल्या पानांवर तुमचा चोर ड्रॅगनच्या गुहेत चालतो. काही पानं आवाज करतात, त्या आवाजाचे ठोकळे पिशवीत जातात आणि ड्रॅगन चिडला की त्याच पिशवीतून बाहेर येऊन तुम्हाला लागतात. व्लादा ख्वातिल यांच्या 'मेज नाइट'मध्ये १६ पानांच्या डेकवर एक वीर नकाशाभर फिरतो, किल्ले पाडतो, पातळी वाढवत नेतो, आणि हे सगळं एकाच, बऱ्यापैकी लांबलेल्या बैठकीत.

रोलप्लेच्या हिशेबाने अडचण इथेच येते. डेक डावात बांधायचा तर प्रत्येक वेळी कमजोर पानांपासूनच सुरुवात करावी लागते, नाहीतर बांधायला उरतंच काय? म्हणजे मागच्या रविवारी ड्रॅगनच्या नाकावर टिच्चून खजिना पळवलेला चोर या रविवारी पुन्हा अडखळणारा नवशिक्या. 'क्लँक लेगसी'ने यावर एक तोड काढली आहे. नकाशावर स्टिकर चिकटतात, जग कायमचं बदलतं, गोष्ट पुढे सरकते, पण बांधणी दर वेळी नव्याने. दोन-अडीच तासांत सुरू होऊन संपणारा खेळ हवा असेल, मंडळी दर वेळी वेगळी असतील, तर हाच प्रकार बरा. एकच पात्र सहा महिने वाढवायचं असेल, तर याने तुमचं समाधान होणार नाही.

घरून बांधून आणायचा डेक

'आर्कम हॉरर: द कार्ड गेम' हा फॅन्टसी फ्लाइट गेम्सचा २०१६ चा गेम. १९२० च्या दशकातलं मॅसॅच्युसेट्समधलं एक काल्पनिक गाव, तिथली भुताटकी, आणि तपास करणारे १ ते ४ खेळाडू. सगळे एका बाजूने खेळतात, गेम दुसऱ्या बाजूने. तुम्ही एक तपासनीस निवडता आणि बहुतेकांसाठी ३० पानांचा डेक बांधता. एका नावाची जास्तीत जास्त २ पानं. कुणाला कोणत्या रंगाची, कोणत्या पातळीपर्यंतची पानं चालतील हे पात्राच्या पानामागे छापलेलं असतं.

त्या ३० च्या वर पात्राची स्वतःची खास पानं येतात, आणि त्यात एक दुखणंही असतं. रोलंड बँक्स हा सरकारी तपास अधिकारी बघा. त्याच्या डेकमध्ये 'कव्हर अप' नावाचं पान सक्तीने असतं. ते हाताला लागलं की त्यावर ३ पुरावे ठेवून ते समोर मांडायचं. यापुढे रोलंडला पुरावा सापडणार असेल तर तो खरा पुरावा न घेता या पानावरचा एक उडवता येतो. प्रसंग संपताना पानावर एकही पुरावा उरला असेल तर रोलंडला मानसिक आघात बसतो, आणि पुढचा प्रत्येक प्रसंग तो एका भीतीच्या खुणेनेच सुरू करतो. एकीकडे टोळीला पुरावे हवेत, वेळ संपत आलाय, आणि रोलंडला आपलं जुनं प्रकरण दडपायचंय. संवादाची एक ओळही न म्हणता टेबलावर माणूस उभा राहतो. डेकमधूनच रोलप्ले घडतो तो असा. एखाद्या गेममध्ये पात्राच्या डेकमध्ये असं नको असलेलं पान आहे का, हे परीक्षणं वाचताना जरूर शोधा.

यात फासे नाहीत. एका पिशवीत टोकनं असतात आणि प्रत्येक परीक्षेला त्यातलं एक काढून त्याचा आकडा आपल्या कौशल्यात मिळवायचा. मूळ संचातल्या मोहिमेत नेहमीच्या काठिण्याला १६ टोकनं: एक +१, दोन शून्य, तीन −१, दोन −२, एक −३, एक −४, दोन कवट्या, एक पंथी, एक शिलालेख, एक हमखास अपयश आणि एक शुभचिन्ह. पहिल्या प्रसंगात, जवळ पिशाच्च नसताना, चिन्हांच्या टोकनांची तिथली किंमत धरून गणित असं बसतं. तुमचं कौशल्य अडचणीइतकंच असेल तर १६ पैकी ६ टोकनांवर यश. एकने जास्त असेल तर १० वर, दोनने जास्त असेल तर १३ वर. तिसरा गुण वाढवला तर १४. हातातलं पान परीक्षेला लावून कौशल्य वाढवता येतं, तेव्हा दोनची आघाडी झाली की थांबावं. तिसऱ्या पानाने एकच टोकन पदरात पडतं, आणि तेच पान पुढच्या पाळीला जास्त कामाचं असतं. नवखे खेळाडू बरोबरीवरच परीक्षा देतात, तीनदा हरतात आणि गेमला नावं ठेवतात.

प्रसंग संपला की अनुभवाचे गुण मिळतात आणि त्यातून वरच्या पातळीची पानं विकत घ्यायची असतात. नव्या पानाला त्याच्या पातळीइतके गुण, शून्य पातळीच्या पानालाही किमान एक. जुन्या पानाची सुधारलेली आवृत्ती घेतली तर फक्त फरक भरायचा. ऐकायला सोपं वाटतं, पण हा गृहपाठ आहे. चारजणांच्या टोळीत तो मनापासून करणारा सहसा एकच निघतो. मग तोच चौघांचे डेक बांधतो, आणि बाकीचे तिघे दुसऱ्याने लिहिलेलं पात्र चालवतात. तुमच्यात निदान दोघांना संध्याकाळ सोडून इतर वेळीही पानं उलगडत बसायची आवड नसेल, तर या वाटेला जाऊ नका. उलट दोघांसाठी, म्हणजे नवरा-बायको किंवा खोलीतले दोन मित्र अशा जोडीसाठी, आमच्या मते याच्याइतका चांगला गेम या प्रकारात दुसरा नाही.

खरेदी करताना एक सापळा लक्षात ठेवा. २०१६ चा मूळ संच १ ते २ खेळाडूंसाठी होता. त्यात बहुतेक पानांची एकच प्रत असायची, म्हणून लोक दोन संच घ्यायचे. २०२१ चा सुधारित संच ४ जणांपर्यंत चालतो आणि प्रती पुरेशा आहेत. सेकंडहँड स्वस्तात मिळणारा डबा बरेचदा जुनाच असतो.

हातातली पानं म्हणजेच दम

आता 'ग्लूमहेवन'. आयझॅक चिल्ड्रेस यांचा, २०१७ चा. ९५ प्रसंग, १७ पात्रवर्ग, त्यातले ११ सीलबंद, आणि डबा सुमारे १० किलोचा. यात गोष्ट पुस्तक सांगतं आणि लढाई पानांवर चालते. प्रत्येक पानाला वरचा आणि खालचा असे दोन भाग. दर फेरीत २ पानं निवडायची, एकाचा वरचा भाग वापरायचा, दुसऱ्याचा खालचा. वापरलेली पानं टाकलेल्या ढिगात. हातची संपली की विश्रांती घेऊन ती परत घ्यायची, पण दर विश्रांतीला एक पान त्या प्रसंगापुरतं कायमचं बाद. दोन पानं खेळता येईनाशी झाली आणि विश्रांतीही घेता येईना, की पात्र थकून बाहेर.

डबा घेण्याआधी हे घरातल्या पत्त्यांवर करून बघा. बदामाच्या एक्क्यापासून दश्शीपर्यंतची १० पानं हातात घ्या. दर फेरीला दोन टाका. पाच फेऱ्यांनी हात रिकामा होईल. ढीग उचला, एक पान बाजूला काढा, ९ घेऊन पुन्हा सुरू करा. आता चारच फेऱ्या निघतील आणि एक पान हातात उरेल. असं शेवटपर्यंत केलंत तर एकूण २५ फेऱ्या होतात. ८ पानांनी सुरू केलंत तर फक्त १६, १२ पानांनी ३६. पात्रवर्गांमधला मोठा फरक हाच आहे. 'स्पेलवीव्हर' ८ पानांवर खेळते, 'ब्रूट' १० वर, 'टिंकरर' १२ वर. 'स्पेलवीव्हर'कडे बाद झालेली पानं परत आणणारं एक खास पान आहे, ते कधी वापरायचं यावर तिचा सगळा खेळ उभा आहे.

आता याच प्रयोगात पहिल्याच फेरीला एक पान कायमचं बाद करा. २५ च्या २१ फेऱ्या होतात. ग्लूमहेवनमधली सगळ्यात जोरदार पानं वापरली की अशीच बाद होतात. म्हणजे सुरुवातीलाच मोठा वार केलात तर त्याची किंमत ४ फेऱ्या. तेच पान शेवटच्या फेरीत मारलंत तर काहीच नाही. नवी टोळी पहिला प्रसंग हरते ती जवळजवळ नेहमी यामुळेच. दुसऱ्या खोलीतच सगळा दारूगोळा उडवून बसलेली असते आणि तिसऱ्या खोलीच्या दारात पात्रं थकून गळतात. राक्षसांना दोष देण्यात अर्थ नसतो.

मग यात डेक-बिल्डिंग कुठे आहे? दोन ठिकाणी. पातळी वाढली की एक नवं पान मिळतं, पण हाताचा आकार तेवढाच राहतो, त्यामुळे एखादं जुनं घरी ठेवावं लागतं. खरी बांधणी मात्र दुसऱ्याच, छोट्या डेकमध्ये चालते. प्रत्येक वाराला त्यातलं एक पान उलटून वाराचा जोर ठरतो. तो सुरुवातीला सगळ्यांचा सारखा असतो, २० पानांचा: सहा शून्य, पाच +१, पाच −१, आणि एकेक +२, −२, दुप्पट व वार फुकट. पात्र जसजसं मुरतं तसतशी तुम्ही यातली पानं काढता, बदलता, घालता. 'ब्रूट' पहिल्याच सुधारणेत दोन −१ हाकलू शकतो. ज्याला पर्याय दिसला की नवं, चमकदार पान घालायचा मोह होतो त्याला सांगा, आधी −१ काढ. 'डॉमिनियन'मधला जुना नियम इथेही तसाच चालतो.

रोलप्ले इथे दोन गोष्टींत. शहरात आणि वाटेत घडणाऱ्या घटना, ज्यांत दोनपैकी एक पर्याय निवडून मग पाठीमागचा परिणाम वाचायचा. आणि प्रत्येक पात्राचं वैयक्तिक ध्येय, जे पूर्ण झालं की ते पात्र निवृत्त होतं, एक सीलबंद डबी उघडते आणि खेळाडू नवं पात्र घेतो. ज्या पात्रावर जीव जडला तेच सोडून द्यायचं, ही कल्पना काहींना भारी आवडते, काहींना अजिबात रुचत नाही. टोळीला आधी विचारून घ्या.

पहिल्यांदा घेत असाल तर मोठा डबा घेऊ नका, हे आमचं स्पष्ट मत. २०२० चा 'जॉज ऑफ द लायन' हा त्याचाच छोटा, स्वतंत्र गेम आहे. ४ पात्रं, २५ प्रसंग, फरशा जुळवत बसण्याऐवजी नकाशा थेट पुस्तकाच्या पानावर छापलेला, आणि पहिले पाच प्रसंग नियम शिकवत शिकवत जातात. अमेरिकेत छापील किंमत मोठ्याची १४० डॉलर होती, छोट्याची ५०. तिकडून येणाऱ्या भाचीकडे डबा मागवणार असाल तर तिच्या २३ किलोच्या बॅगेतले १० किलो तुम्ही मागताय हेही सांगून ठेवा. घरात पीसी असेल तर २०२१ साली आलेली डिजिटल आवृत्ती आधी खेळून बघणं सगळ्यात स्वस्त.

डेक म्हणजेच जीव

माइक सेलिंकर यांनी रचलेल्या 'पाथफाइंडर ॲडव्हेंचर कार्ड गेम'मध्ये, पायझो या प्रकाशकाने २०१३ साली काढलेल्या, डेक आणि पात्र यांच्यात फटच ठेवलेली नाही. पात्राचा डेक १५ पानांचा. त्यात किती शस्त्रं, किती मंत्र, किती चिलखतं, किती साथीदार हे पात्रानुसार ठरलेलं. मार लागला की तेवढी पानं हातातून टाकायची. पाळी संपताना हात भरायला डेकमध्ये पानं उरली नाहीत, तर पात्र मेलं. लढाईला फासे आहेत, आणि चांगलं शस्त्र म्हणजे जास्त फासे.

गेमला घड्याळ आहे: ३० आशीर्वादांचा ढीग, दर पाळीला एक उलटायचा, संपला की हरलात. शोधायच्या जागा खेळाडूंच्या संख्येपेक्षा २ ने जास्त, प्रत्येक जागी १० पानं. आता हिशेब करा. एकटे असाल तर ३ जागा, ३० पानं, ३० पाळ्या. दर पाळीला एक शोध फुकट, म्हणजे निवांत. चौघं असाल तर ६ जागा, ६० पानं, आणि पाळ्या तेवढ्याच ३०, म्हणजे प्रत्येकाला सात-आठ. सहाजण असाल तर ८० पानं आणि प्रत्येकी पाचच पाळ्या. जास्तीचा शोध घ्यायला पानं जाळावी लागतात, आणि पानं म्हणजे जीव. संख्या वाढेल तसा गेम आवळत जातो, शिवाय आपली पाळी यायला वाट बघावी लागते. दोघं-तिघं असाल तरच घ्या.

डेकची बांधणी इथे प्रसंगांच्या मध्ये, सगळ्यांनी मिळून. मिळालेली पानं मधे ओतायची, वाटाघाटी करायची, आणि ज्याने त्याने आपल्या ठरलेल्या प्रकारांची १५ भरायची. नवी तलवार हवी तर जुनी सोडायची. गृहपाठ नाही, पंधरा मिनिटांत उरकतं, आणि गंमत म्हणजे सगळ्यात जास्त पात्रासारखं बोलणं याच वेळी होतं: 'ती ढाल मला दे, मागच्या वेळी तुझ्यासाठी मीच मार खाल्ला.' गोष्ट मात्र पातळ आहे, पानावर दोन-चार ओळी. पहिल्या संचाच्या मूळ डब्यात सहापैकी पहिलंच साहस होतं, पुढची पाच वेगळी विकली जायची. सेकंडहँड घेताना सगळी आहेत का ते मोजून घ्या, नाहीतर गोष्ट पहिल्या प्रकरणावरच अडेल.

समोर माणूस हवा असेल तर

वरच्या सगळ्या गेममध्ये गोष्टीच्या वाटा छापलेल्या आहेत. 'मी त्या पहारेकऱ्याला लाच देतो' असं तुम्ही म्हणालात आणि पुस्तकात तो पर्याय नसेल, तर विषय संपला. ज्यांना रोलप्ले म्हणजे हीच मोकळीक हवी आहे त्यांनी गेममास्टर असलेला गेमच घ्यावा. मंत्र पानांवर छापून घेतले म्हणून 'डंजन्स अँड ड्रॅगन्स'सारखा गेममास्टरचा गेम डेक-बिल्डिंग होत नाही, ती फक्त सोय. पण पानांवरच उभे असलेले रोलप्लेइंग गेम आहेत.

विर्ड या प्रकाशकाचा 'थ्रू द ब्रीच' घ्या. फाशांऐवजी ५४ पानांचा सगळ्यांचा एक सामाईक कॅट, आणि त्याशिवाय प्रत्येकाचा स्वतःचा १३ पानांचा, पात्र तयार करताना रंग निवडून बांधलेला. सामाईक कॅटमधून वाईट पान उलटलं तर स्वतःच्या हातातलं पान त्यावर टाकून नशीब फिरवायचं. गेममास्टर स्वतः पान उलटतच नाही, त्याच्या बाजूचे आकडे ठरलेले. जे काही होतं ते खेळाडूच्या पानाने होतं. कीथ बेकर आणि डॅन गॅरिसन यांच्या 'फिनिक्स: डॉन कमांड'मध्ये तर प्रत्येकाचा पूर्ण डेकच वेगळा, फासे नाहीतच. तिथे पात्र मेलं की ते अधिक बलवान होऊन परततं, पण सातच वेळा. त्यामुळे मरण वाया घालवायचं नाही, हा डेक सुधारण्याचा डाव होऊन बसतो.

याला अट एकच: गेममास्टर. चारजणांत कुणी दर बैठकीआधी दोन तास तयारी करायला राजी नसेल, तर हे डबे कपाटाची शोभा वाढवतात. 'बघू, आळीपाळीने करू' यावर विसंबून घेऊ नका. नाव ठरवा, मग पैसे भरा.

टेबलावर काय बिघडतं

सगळ्यात आधी बिघडतं ते माणसांचं गणित. चारजणांनी सुरू केलेली मोहीम तिसऱ्या रविवारी तिघांवर येते. ग्लूमहेवन हे बऱ्यापैकी पचवतो, कारण राक्षसांची संख्या हजर खेळाडूंवर आणि त्यांची पातळी पात्रांच्या सरासरीच्या निम्म्यावर ठरते. गैरहजर माणसाचं पात्र मागे पडतं, एवढंच. आर्कममध्ये मात्र पात्रं एकमेकांना पूरक बांधलेली असतात. पुरावे शोधणारा नाही आला तर तलवारबाज दिवसभर दाराशी उभा राहतो. अशा टोळीत प्रत्येकाने एक मुख्य काम आणि एक जोडकाम धरून डेक बांधावा.

दुसरं, एकाने सगळ्यांचे डाव खेळणं. ग्लूमहेवनने त्यासाठी नियमच केलाय: कोणतं पान आणि कोणता आकडा ते सांगायचं नाही, 'मी लवकर हलतोय, डावीकडचा मी बघतो' इतपत चालतं. लोक हा नियम पहिल्याच दिवशी सोडून देतात आणि मग एकजण चार हात चालवतो. तो पाळा. आर्कममध्ये अशी आडकाठी नाही, तिथे तुम्हालाच संयम ठेवावा लागेल.

भाषेचा प्रश्न आपल्याकडे खरा आहे. यातला एकही गेम मराठीत नाही आणि इंग्रजी मजकूर भरपूर आहे. गोष्टीचे परिच्छेद एकाने वाचून तिथल्या तिथे मराठीत सांगितले तर उलट मजा वाढते. नियमाच्या ओळींना मात्र हात लावू नये, पान जसंच्या तसं वाचावं. 'टाकलेलं' पान परत येतं, 'बाद' पान येत नाही. बोलताना या दोन्हीची सरमिसळ होते आणि ढिगांचीही होते. बाद पानं टेबलावर पालथी, पात्राच्या पाटीच्या उजवीकडे, आणि टाकलेली उताणी, डावीकडे, असं पहिल्या फेरीआधी ठरवून टाका.

स्लीव्ह, म्हणजे पानांना घालायची प्लॅस्टिकची पाकिटं, घ्यायच्याच असतील तर सगळ्या पानांना घेऊ नका, सतत पिसल्या जाणाऱ्यांनाच घ्या. ग्लूमहेवनमध्ये वाराच्या जोराची छोटी पानं ४४ × ६८ मिमीची आहेत, चौघांची मिळून सुरुवातीची ८०. आर्कमची पानं ६३.५ × ८८ मिमी. पाठ अपारदर्शक असलेल्या स्लीव्ह घ्या. डेक वाढत जाणाऱ्या गेममध्ये जुनी पानं मळतात, नवी कोरी राहतात, आणि पाठीवरूनच पान ओळखू येऊ लागतं. मुंबई, कोकण, गोव्यात जूननंतर उघडी पानं धनुष्यासारखी वाकतात. डब्यात सिलिका जेलच्या तीन-चार पुड्या टाका आणि डबा भिंतीला चिकटलेल्या कपाटात तळाला ठेवू नका.

सेकंडहँड ग्लूमहेवन घेताना विक्रेत्याकडून तीन फोटो मागवा: नकाशा, पात्रांच्या सीलबंद डब्या आणि सुरुवातीच्या पात्रांची पानं. नकाशावर स्टिकर असले तरी खेळता येतं, कुठले प्रसंग उघडले ते वहीत लिहून ठेवता येतं. पानांवर सुधारणेचे ठिपके चिकटवलेले असतील तर ते काढताना छपाई निघण्याचा धोका असतो, तेव्हा किंमत त्या हिशेबाने पाडून मागा. छोटी पानं मोजायला लावा. प्रत्येक खेळाडूच्या जोराच्या डेकमध्ये २० भरलीच पाहिजेत. त्यातलं 'दुप्पट'चं एक जरी हरवलं असेल, तर तो डेक बिघडला.